हुकूमनामा हाती आला, दरखास्त कधी?

(ऊस विकास विभागाकडून)



या पानावर आम्ही एरवी बेणे, लागण, खोडवा, पाचट आणि पाणी यांविषयी लिहितो. या खेपेस विषय कोर्टाचा आहे. ऊस विकास विभागाने कोर्टाच्या कामात तोंड का घालावे, असे कोणी विचारील. त्याचे कारण असे की, उसाची नोंद घ्यायला गटात फिरताना जमिनीचे तंटे आम्हाला रोज भेटतात. एकाच गट नंबरवर दोघे भाऊ नोंद मागतात. एक म्हणतो, कब्जा माझा. दुसरा कोर्टाचा कागद काढून दाखवतो. कागद खरा असतो, सही-शिक्का खरा असतो, पण जमीन मात्र जिथल्या तिथे. मग आमचा माणूस बांधावर उभा राहून काय करणार?

घोटी परिसरात हा प्रकार वाढला आहे, हे आपण सर्वजण पाहतो आहोत. दारणा, मुकणे, भावली, भाम, वैतरणा अशी धरणे एका इगतपुरी तालुक्याच्या अंगावर. पूर्वी रेल्वे आणि मुंबई-आग्रा रस्ता होताच. आता समृद्धी महामार्ग झाला आणि ५ जून २०२५ रोजी त्याचा इगतपुरी ते आमणे हा शेवटचा टप्पाही खुला झाला. भाताच्या खाचराला जिथे कोणी विचारत नव्हते तिथे गुंठ्याचा भाव विचारला जातो. भाव वाढला की बांध सरकतो, आणि बांध सरकला की दावा होतो. दाव्याचा निकाल लागला म्हणजे काम फत्ते झाले, असे आपल्यापैकी पुष्कळांना वाटते. तसे नाही. म्हणून हा लेख.

आम्ही वकील नव्हे. कायद्याचा शेवटचा शब्द आपल्या वकिलाचाच. पण वकिलाकडे केव्हा जायचे आणि काय विचारायचे, एवढे जरी सभासदाला कळले तरी निम्मे नुकसान टळेल, असे आमचे मत आहे.

हुकूमनामा म्हणजे जमीन नव्हे

दिवाणी दाव्याचा निकाल लागला की कोर्ट हुकूमनामा तयार करते. त्यात कोणाचा हक्क किती, कोणी कोणाला काय द्यायचे, हे लिहिलेले असते. पण तो हुकूमनामा घेऊन कोर्ट आपण होऊन तुमच्या शेतावर येत नाही. हरलेल्या पक्षाने खुषीने दिले तर उत्तम. नाही दिले तर जिंकलेल्या माणसाने पुन्हा कोर्टाकडे लेखी अर्ज करावा लागतो की, "आपल्या हुकमाची अंमलबजावणी करून द्यावी." या अर्जालाच आपल्याकडे दरखास्त म्हणतात. अर्ज करणारा तो दरखास्तदार, आणि ज्याच्याकडून वसूल करायचे तो ऋणको किंवा सामनेवाला.

आपल्या भाषेत सांगायचे तर हुकूमनामा म्हणजे उभा ऊस. अठरा महिने पोसला, पण तोडणीची टोळीच लावली नाही, तर तो काट्यावर आपोआप येत नाही. वाळून जातो.

दरखास्तीचा सगळा कारभार दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ या कायद्याने चालतो. त्यातली कलम ३६ ते ७४ आणि एकविसावा आदेश हे या विषयाचे घर. वकील "ऑर्डर एकवीस" म्हणतात तो हाच. दरखास्त चालवणारे कोर्ट हुकूमनाम्याच्या मागे जात नाही; म्हणजे निकाल बरोबर की चूक याचा पुन्हा काथ्याकूट तिथे होत नाही. जे ठरले आहे ते करून द्यायचे, एवढेच त्याचे काम.

हे दुखणे आजचे नाही

इंग्लंडातल्या प्रिव्ही कौन्सिलने १८७२ सालीच एका निकालात म्हणून ठेवले आहे की, हिंदुस्थानात पक्षकाराच्या अडचणी हुकूमनामा मिळाल्यावर सुरू होतात. दीडशे वर्षे झाली, तरी ते वाक्य वकील मंडळी अजून सांगतात, यातच सगळे आले.

पण याची दुसरी बाजूही महाराष्ट्राने पाहिली आहे, आणि ती शेतकऱ्याने विसरू नये. त्या काळी हुकूमनामे बजावले जात नव्हते असे नाही. सावकाराचे फार जोरात बजावले जात होते. शेतकऱ्याला समन्स लागले की नाही याचा पत्ता नसे. एकतर्फी निकाल होई, आणि बेलिफ एकदम जप्ती घेऊन दारात. घोटीहून भंडारदऱ्याकडे निघालात की ज्या अकोले मुलखात उतरता, तिथल्या देवगावचे राघोजी भांगरे सावकारशाहीविरुद्ध उठले आणि २ मे १८४८ रोजी ठाण्याच्या तुरुंगात फासावर गेले. पुढे १२ मे १८७५ रोजी पुणे जिल्ह्यातील सुपे येथे शेतकऱ्यांचा उठाव झाला आणि तो पुणे व नगर भागांत पसरला. लोकांनी सावकारांकडून काय मागितले? धान्य किंवा दागिने नव्हे, तर कर्जरोखे आणि हुकूमनामे. तेच हिसकावून जाळले. कागदाची ताकद काय असते हे त्या अडाणी म्हटल्या जाणाऱ्या शेतकऱ्याला चांगले कळले होते.

त्या उठावाची चौकशी होऊन १८७९ साली दख्खनच्या शेतकऱ्यांसाठी वेगळा कायदा आला. प्रथम पुणे, सातारा, सोलापूर आणि अहमदनगर (आताचे अहिल्यानगर) या चार जिल्ह्यांना तो लागू झाला. पैशाच्या हुकूमनाम्यासाठी शेतकऱ्याला अटक करू नये, आणि खास गहाण दिली नसेल तर त्याची जमीन विकू नये, ही त्यातली मोठी कलमे. म्हणजे दरखास्त कुठवर चालावी याला मर्यादा घालण्याचे काम या मातीतल्या शेतकऱ्याने करून घेतले आहे. आजच्या कायद्यात शेतकऱ्याला जी सूट आहे ती वाचताना ही आठवण ठेवावी.

आता आजची स्थिती पाहा. २२ एप्रिल २०२१ रोजी सर्वोच्च न्यायालयाने राहुल शहा विरुद्ध जिनेंद्रकुमार गांधी या प्रकरणात, सरन्यायाधीश शरद बोबडे यांच्या खंडपीठापुढे, ठरवून दिले की दरखास्त दाखल झाल्यापासून सहा महिन्यांत निकालात काढावी आणि उशीर झाल्यास कारण लिहून ठेवावे. ६ मार्च २०२५ रोजी पेरियम्माल प्रकरणात त्याच न्यायालयाने देशभरच्या उच्च न्यायालयांकडून तुंबलेल्या दरखास्तींची माहिती मागवली. त्या प्रकरणातला जमिनीचा करार १९८० सालचा होता, म्हणजे पंचेचाळीस वर्षांपूर्वीचा! ऑक्टोबर २०२५ मध्ये जे आकडे पुढे आले त्यांत देशात ८ लाख ८२ हजारांवर दरखास्ती पडून होत्या, आणि त्यांतल्या ३ लाख ४१ हजारांच्या आसपास एकट्या मुंबई उच्च न्यायालयाच्या हद्दीतल्या. सहा महिन्यांत ३ लाख ३८ हजारांवर निकालात निघाल्या हेही खरे. तरी इतके पडून आहे म्हटल्यावर आपली दरखास्त लौकर दाखल करणे आणि तारखेला हजर राहणे, हे आपल्या हातात आहे तेवढे तरी चुकवू नये.

मुदत: इथेच गाडी चुकते

जुनी माणसे सांगतात की, दर तीन वर्षांनी दरखास्त देऊन हुकूमनामा जिवंत ठेवावा लागतो. पूर्वी तसे होते. १ जानेवारी १९६४ पासून मुदतीचा १९६३ चा कायदा लागू झाला आणि नियम बदलला. आता नियम असा:

जमिनीचा ताबा, पैसा वगैरेंचा हुकूमनामा: तो अमलात आणण्याजोगा झाल्यापासून बारा वर्षे.

कायमच्या मनाईचा हुकूमनामा ("याने त्याच्या पाटाला, वहिवाटीला हरकत करू नये" अशा प्रकारचा): मुदतीची अट नाही.

अमुक एक गोष्ट करावी असा हुकूम, उदाहरणार्थ बांधलेली भिंत पाडून घ्यावी, बुजवलेला पाट मोकळा करावा: फक्त तीन वर्षे. हुकमात तारीख दिली असेल तर त्या तारखेपासून.

ही तिसरी ओळ पुन्हा वाचा. बारा वर्षे आहेत म्हणून निवांत बसलेला माणूस इथे फसतो. आपला हुकूमनामा कोणत्या जातीचा आहे हे वकिलाकडून पहिल्याच आठवड्यात विचारून घ्यावे.

आणखी एक गैरसमज असा की, "समोरच्याने अपील केले आहे, आता काय करणार?" नुसत्या अपिलाने हुकूमनामा थांबत नाही. वरच्या कोर्टाने तहकुबी म्हणजे स्टे दिला असेल तरच थांबतो. स्टे नसेल तर दरखास्त चालवता येते. अपिलात वरच्या कोर्टाने निकाल दिला तर मुदत त्या निकालापासून मोजतात. समोरचा गुपचूप स्टे आणील अशी धास्ती असेल तर वरच्या कोर्टात आधीच कॅव्हेट दाखल करून ठेवता येते. त्याची मुदत नव्वद दिवस. नंतर पुन्हा करावे लागते.

घोटी गटातले एक सभासद. नाव सांगत नाही. शेजाऱ्याने बांध कोरून दाबलेल्या चौदा गुंठ्यांच्या ताब्याचा निकाल त्यांच्या बाजूने झालेला. नोंदीच्या वेळी आम्ही क्षेत्र विचारले तर म्हणाले, "साहेब, कागदावर दीड एकर, पायाखाली सव्वा-एक." हुकूमनामा पाहिला, तर त्याला दहा वर्षे आणि दहा महिने झालेले. इतके दिवस का थांबलात, असे विचारले. "कोर्टाने दिलंय म्हटल्यावर कोर्टच माणूस धाडील ना. आम्ही वाट पाहतोय." ट्रंकेत, लग्नाच्या पत्रिकांखाली, तो कागद जपून ठेवला होता. त्याच आठवड्यात ते वकिलाकडे गेले. दरखास्त मुदतीत बसली. पुढच्या वर्षी बेलिफ आणि भूकरमापक बांधावर आले, खुणा रोवल्या, पंचनामा झाला आणि चौदा गुंठे परत मिळाले. आता त्यांची नोंद पूर्ण क्षेत्राची असते.

शेजारच्याच एका गटातल्या दुसऱ्या कुटुंबाला तेराव्या वर्षी जाग आली. हुकूमनामा त्यांचाही खराच होता. वडिलांनी त्यासाठी बैलजोडी विकली होती. पण मुदत गेली म्हणजे गेली. त्या कागदावर आता कोणी बेलिफ पाठवणार नाही. फरक एवढाच की पहिल्याला कोणीतरी वेळेत विचारले, दुसऱ्याला कोणी विचारले नाही.

दरखास्त कुठे आणि कशी?

ज्या कोर्टाने हुकूमनामा दिला तिथेच दरखास्त द्यायची. निकाल इगतपुरीच्या कोर्टाचा तर इगतपुरीस, नाशिकच्या कोर्टाचा तर नाशिकला. सामनेवाला कल्याण-मुंबईला राहायला गेला असेल आणि त्याची मिळकतही तिकडेच असेल, तर हुकूमनामा तिकडच्या कोर्टाकडे पाठवून मागता येतो.

दरखास्त लेखी असते आणि तिच्यात ठरावीक रकाने भरावे लागतात: दाव्याचा नंबर, पक्षकारांची नावे, हुकूमनाम्याची तारीख, अपील झाले की नाही, आतापर्यंत काही वसूल झाले का, पूर्वी दरखास्त दिली होती का, व्याज व खर्च धरून येणे किती, आणि मुख्य म्हणजे कोर्टाने मदत कोणत्या प्रकारे करावी. ताबा द्यावा, जप्ती करून विकावे, की आणखी काही, हे आपणच मागायचे असते. मिळकतीचे वर्णन गट नंबर, क्षेत्र आणि चतुःसीमेसह अचूक हवे. "नदीकाठचा मळा" असे लिहून भागत नाही. बेलिफाला मळा सापडला पाहिजे.

हुकूमनामा होऊन दोन वर्षे उलटली असतील, किंवा सामनेवाला मयत होऊन त्याच्या वारसांविरुद्ध जायचे असेल, तर कोर्ट आधी नोटीस काढते. त्यात वेळ जातो. दोन वर्षांच्या आत दरखास्त दिली तर ही एक पायरी सहसा वाचते.

दरखास्तदार मयत झाला म्हणून हुकूमनामा मरत नाही. वारसांना तो पुढे चालवता येतो. सामनेवाला मयत झाला तर त्याच्या वारसांकडून, पण त्यांच्या हाती आलेल्या मयताच्या मिळकतीपुरतीच वसुली होते.

दरखास्तीला नंबर पडला की सोळा अक्षरी सीएनआर नंबर मागून घ्या. ई-कोर्टच्या साइटवर तो टाकला की पुढची तारीख घरच्या मोबाईलवर दिसते. पोरांना सांगा, ती पाहून देतील. तारीख चुकली आणि दरखास्त गैरहजेरीत निकाली निघाली, तर पुन्हा पहिल्यापासून हेलपाटे.

वाटपाचा हुकूमनामा: रस्ता कलेक्टरकचेरीतून

भावाभावांच्या वाटपाची गोष्ट निराळी. कोर्ट आधी प्राथमिक हुकूमनामा देते. अमक्याचा तिसरा हिस्सा, तमक्याचा सहावा. कोणाला कोणती बाजू, हे त्यात नसते. शेतसारा भरणाऱ्या जमिनीचे प्रत्यक्ष तुकडे पाडण्याचे काम कलम ५४ प्रमाणे कलेक्टरकडे जाते. तिथून तहसीलदार, भूमी अभिलेख खात्याची मोजणी, सरसनिरस वाटपाचा तक्ता, हरकती, आणि मग ताबा. तुकडेबंदीचा १९४७ चा कायदाही तिथे पाहिला जातो. गावठाणातल्या घराचे वाटप मात्र कोर्ट कमिशनर नेमून करते आणि त्यावर अंतिम हुकूमनामा होतो.

यात दोन गोष्टी ध्यानात ठेवाव्यात. कागद कलेक्टरकडे आपोआप जातील असे धरून चालू नका. पाठवावेत म्हणून अर्ज करा, आणि जावक क्रमांक घेऊन तहसिलीत तपास ठेवा. दुसरी गोष्ट अंतिम हुकूमनाम्याची. प्राथमिक हुकूमनाम्यानंतर अंतिम हुकूमनामा मागायला मुदतीची आडकाठी नाही, कारण तोवर दावा चालूच आहे असे सर्वोच्च न्यायालयाने २००९ साली म्हटले. पण अंतिम हुकूमनामा झाला की बारा वर्षांचे घड्याळ सुरू. तो स्टँप कागदावर उतरवून घ्यावा लागतो, आणि "स्टँप उशिरा भरला, म्हणून मुदतही उशिरा सुरू" हे चालत नाही, असे त्याच न्यायालयाने २००५ साली ठरवले आहे.

वाटप झाले की तलाठ्याकडे, म्हणजे आताच्या ग्राम महसूल अधिकाऱ्याकडे, फेरफारासाठी लगेच अर्ज द्या आणि नवीन सातबारा काढून घ्या. ऊस नोंद, सोसायटीचे पीककर्ज, ठिबकचे अनुदान, सगळे त्याच उताऱ्यावर चालते.

ताबा घ्यायच्या दिवशी

ताब्याचे वॉरंट निघाले की बेलिफ जागेवर येतो. सामनेवाल्याने किंवा त्याच्या माणसाने आडवे पडून ताबा दिला नाही तर हातघाईवर येऊ नका. बेलिफ तसा अहवाल लिहितो. अडथळा झाल्यापासून तीस दिवसांच्या आत अडथळा दूर करण्याचा अर्ज द्या. हे तीस दिवस फार महत्त्वाचे. विनाकारण अडथळा करणाऱ्याला कोर्ट तीस दिवसांपर्यंत दिवाणी तुरुंगात ठेवू शकते. मध्येच तिसराच कोणी उभा राहून "ही जमीन माझी" म्हणाला, तर त्याचाही निर्णय याच दरखास्तीत होतो. नवा दावा लावावा लागत नाही.

शेतात ऊस उभा असेल तर? त्याचे काय करायचे याचा हुकूम वॉरंट निघण्यापूर्वीच कोर्टाकडून स्पष्ट मागून घ्या. बेलिफ आला आणि मग उसावरून वाद पेटला, तर ताबाही लांबतो आणि ऊसही. अशा वेळी लागणीची तारीख आणि नोंदीचा दाखला लागला तर तो आमच्या गट ऑफिसातून रीतसर अर्जावर मिळेल.

मनाईचा हुकूम मोडणाऱ्याची गत वेगळी. त्याला दिवाणी तुरुंग किंवा मिळकतीची जप्ती, दोन्ही होऊ शकते. जप्ती सहा महिने राहूनही तो ऐकत नसेल तर मिळकत विकून नुकसानभरपाई देता येते. जे काम त्याने करायचे होते ते कोर्ट दुसऱ्याकडून करवून खर्च त्याच्यावर टाकू शकते.

पैशाचा हुकूमनामा आणि उसाचे बिल

पैशाच्या वसुलीत कायद्याच्या दृष्टीने उभे पीक ही जंगम मिळकत आहे. म्हणून उभ्या उसावर जप्ती येऊ शकते. वॉरंटाची नक्कल शेतावर लावली जाते. पण जप्ती आली म्हणून पाणी तोडू नका. कोर्टाच्या अटींवर पिकाची निगा राखण्याची मुभा ऋणकोला आहे.

कोर्ट कारखान्यालाही हुकूम पाठवू शकते की, अमक्या सभासदाला देणे असलेली उसाची रक्कम त्याला देऊ नये. असा हुकूम आल्यावर कारखान्याला तो मोडता येत नाही. चेअरमनसाहेबांकडे जाऊन उपयोग नाही, हे कृपा करून समजून घ्यावे. त्या रकमेवर सोसायटीचा किंवा बँकेचा आधीचा बोजा असेल तर तसे कोर्टापुढे मांडता येते आणि कोर्ट त्याचा निर्णय देते.

इथे एक भेद सांगतो. सहकारी संस्थेची थकबाकी वसूल करायला सहकार कायदा, १९६० मधील वसुली दाखल्याचा वेगळा मार्ग आहे. आणि सभासदाचे ऊसबिल कारखान्याकडून थकले तर? ऊस नियंत्रण आदेश, १९६६ प्रमाणे ऊस दिल्यापासून चौदा दिवसांत बिल द्यायचे, नाहीतर वार्षिक पंधरा टक्के व्याज. ती वसुली जमीन महसुलाच्या थकबाकीसारखी होते. आपल्या पत्रिकेत हे छापायला आम्हाला संकोच वाटत नाही. नियम दोघांनाही सारखाच.

ज्याच्यावर दरखास्त आली आहे त्याने

आपल्यापैकी काही जण या बाजूलाही असतील. त्यांनी घाबरून जाऊ नये, आणि नोटीस घ्यायलाही चुकवू नये. शेतकऱ्याची औतेअवजारे, उपजीविकेला लागणारी जनावरे व बी-बियाणे, अंगावरचे कपडे, स्वयंपाकाची भांडी, आणि तो स्वतः राहतो ते घर जप्तीतून वगळले आहे. अर्थात घर-जमीन गहाण दिली असेल तर त्या कर्जापुरती ही सूट कामाची नाही. आदिवासी खातेदाराची जमीन तर कोर्टाच्या हुकूमनाम्याच्या लिलावातही परवानगीशिवाय बिगरआदिवासीकडे जाऊ शकत नाही. जमीन महसूल संहितेत १९७४ च्या दुरुस्तीने तशी तरतूद झाली. इगतपुरी तालुक्यात ही गोष्ट घरोघरी माहीत असायला हवी.

पैशाच्या हुकूमनाम्यापायी बाईमाणसाला अटक करता येत नाही. पुरुषालाही दोन हजारांपर्यंतच्या रकमेसाठी कैद नाही. पाच हजारांवर असेल तर जास्तीत जास्त तीन महिने. शिवाय १९८० साली सर्वोच्च न्यायालयाने सांगितले आहे की, ज्याच्याजवळ खरोखर नाही त्या गरिबाला केवळ फेड झाली नाही म्हणून तुरुंगात टाकता येणार नाही. मात्र असूनही लपवणाऱ्याची गय नाही. आणि कैद भोगली म्हणून कर्ज फिटत नाही.

सर्वांत मोलाची सूचना: पैसे फेडाल तर कोर्टात भरा, नाहीतर बँकेतून द्या आणि कोर्टात त्याची नोंद करून घ्या. चावडीवर चार माणसांसमोर रोख मोजले आणि कोर्टात नोंद नाही, तर दरखास्तीत ते पैसे दिलेच नाहीत असे धरले जाते. ऋणकोला ही नोंद मागायची मुदत तीस दिवस. जमिनीचा लिलाव झालाच, तर साठ दिवसांच्या आत येणे रक्कम आणि लिलावाच्या किमतीवर पाच टक्के भरून लिलाव रद्द करून मागता येतो.

सरकारवरही दरखास्त चालते

धरण, रस्ता, कालवा यांत जमिनी गेलेल्यांची संख्या आपल्याकडे कमी नाही. वाढीव मोबदल्याचा निकाल कोर्टाने दिला आणि सरकारने पैसे भरले नाहीत, तर तीन महिने थांबून दरखास्त देता येते. कलेक्टरकचेरीच्या खुर्च्या-टेबलांवर जप्ती गेल्याच्या बातम्या आपण वाचतो त्या याच वाटेने. तेव्हा "सरकारविरुद्ध कोण जाणार" म्हणून मोबदल्याचा हुकूमनामा ट्रंकेत टाकू नका.

शेवटी एवढेच

वकिलाची फी परवडत नाही म्हणून कोणी थांबू नये. महिला आणि अनुसूचित जाती-जमातीचे लोक यांना उत्पन्न न पाहता, आणि इतर गरजूंना उत्पन्नाच्या मर्यादेत, १९८७ च्या कायद्याने मोफत वकील मिळतो. तालुका विधी सेवा समितीकडे कोर्टातच अर्ज द्यायचा असतो. तडजोड होत असेल तर लोकअदालतीत करा. तिथला निवाडा हा हुकूमनामाच समजला जातो आणि त्यावर अपील नाही. भावाभावांत तर हाच मार्ग बरा. बांधाच्या दोन्ही बाजूंना शेवटी आपलीच माणसे राहतात, पाळीचे पाणीही एकाच चारीने येते.

या हंगामाची नोंद घ्यायला आमचे कर्मचारी येतील तेव्हा सातबाऱ्याबरोबर घरातला जुना हुकूमनामाही बाहेर काढा. त्यावरची तारीख पाहा. बोटांवर वर्षे मोजा. तीन होत आली असतील किंवा बारा होत आली असतील, तर आम्हाला चहा पाजण्यात वेळ घालवू नका. दुसऱ्या दिवशी सकाळी घोटीच्या स्टँडवरून इगतपुरीची गाडी धरा.